मॅटच्या कडेला कोण होतं?

स्पर्धा परीक्षेची तयारी करताय? मग हा प्रश्न तुम्हाला झोपेतून उठवून विचारला तरी येईल. स्वतंत्र भारताला ऑलिम्पिकमध्ये पहिलं वैयक्तिक पदक कोणी मिळवून दिलं? खाशाबा जाधव. साल १९५२, ठिकाण हेलसिंकी, खेळ कुस्ती, पदक कांस्य. एक मार्क पक्का, पान उलटा, पुढचा प्रश्न.

पण मित्रांनो, आज जरा त्या पानावर थांबू या. कारण गाईडमधल्या त्या एका ओळीत एक गहाण पडलेलं घर आहे, गावाने काढलेली वर्गणी आहे आणि एक अशी कुस्ती आहे, जिच्या वेळी आपला माणूस मॅटवर एकटाच होता. देवळ्यात पहाटे सटाणा रोडला नाहीतर भावडबारीकडे पळणाऱ्या आपल्या पोरापोरींनी हे माहीत करून घ्यायलाच हवं. जे पळत नाहीत त्यांनी तर आधी. का, ते शेवटी सांगते.

गोळेश्वरचा पोरगा

खाशाबांचं पूर्ण नाव खाशाबा दादासाहेब जाधव. जन्म १५ जानेवारी १९२६, सातारा जिल्ह्यात कराडजवळच्या गोळेश्वर गावात. वडील दादासाहेब स्वतः पैलवान. पाच भावांत खाशाबा सगळ्यात धाकटे. घरात तालमीचं वातावरण होतं, त्यामुळे लंगोट कधी बांधला आणि मातीत कधी उतरले हे वेगळं सांगायला नको.

आपल्या कसमाद्यातही यात्रेच्या दिवशी दुपारी हलगी वाजायला लागली की सगळं गाव दंगलीकडे पळतं. आधी लहान पोरांच्या रेवड्यांवरच्या जोडी लागतात, मग नारळाच्या, मग रोख इनामाच्या. खाशाबा अशाच मैदानांतून वर आले. अंगाने ते काही आडदांड नव्हते. उंची बेताची, वजन कमी. पण चपळाई अशी की समोरच्याला काय झालं ते पाठ टेकल्यावर कळायचं. ढाक हा त्यांचा हुकमी डाव. समोरच्याची मान बगलेत धरायची आणि कमरेवरून थेट खाली.

शिक्षण कराडच्या टिळक हायस्कूलमध्ये झालं. ते शाळेत असतानाच १९४२ चं चलेजाव आंदोलन पेटलं. सातारा जिल्हा तेव्हा भूमिगतांचा बालेकिल्ला. शाळकरी खाशाबांनी क्रांतिकारकांना लपायला मदत केली, ब्रिटिशांविरुद्धची पत्रकं पोहोचवली. पुढे ते कोल्हापूरला राजाराम कॉलेजात गेले. कोल्हापूर म्हणजे तेव्हाही कुस्तीची पंढरीच. बाबूराव बलवडे आणि बेलापुरे गुरुजी यांच्यासारखे वस्ताद त्यांना लाभले.

मातीतून मॅटवर

१९४८ साली लंडनला ऑलिम्पिक भरलं. देश स्वतंत्र होऊन जेमतेम वर्ष झालेलं. स्वतंत्र भारताचा संघ पहिल्यांदाच आपल्या तिरंग्याखाली तिथे उतरणार होता आणि २२ वर्षांचे खाशाबा त्या संघात होते. प्रवासखर्चाची मोठी मदत कोल्हापूरच्या महाराजांनी केली.

आता जरा कल्पना करा. तुम्ही आयुष्यभर तांबड्या मातीत खेळलात. ताक, हळद, लिंबू, तेल घालून मऊ केलेली माती. तिथे हिशेब सरळ असतो. समोरच्याची पाठ टेकवा, कुस्ती जिंकली. आणि एक दिवस तुम्हाला गादीवर उभं करतात. पाय वेगळे पडतात, पकड वेगळी बसते. वर घड्याळ लावलेलं, गुण मोजणारे पंच तीन बाजूंना. कधी बचाव करायचा, कधी चढाई, कोणत्या पकडीला किती गुण, सगळं नवीन. क्रिकेट टेनिस बॉलवर शिकलेल्या पोराला एकदम सिझन बॉलसमोर उभं करावं, तसं काहीसं.

तरीही फ्लायवेट म्हणजे ५२ किलो गटात त्यांनी ऑस्ट्रेलियाच्या आणि अमेरिकेच्या पैलवानाला हरवलं. इराणच्या मन्सूर रईसीसमोर ते हरले आणि सहाव्या नंबरवर थांबले. पदक नाही मिळालं. पण एक गोष्ट त्यांच्या लक्षात आली की आपली ताकद कुठेच कमी नाही, कमी आहे तो मॅटचा सराव आणि नियमांची माहिती. पुढची चार वर्षं त्यांनी यावरच घालवली. वजनगटही बदलला. ५२ किलोवरून ते बँटमवेटला, ५७ किलोवर गेले.

सिलेक्शनचा घोळ

जिल्हा निवड चाचणीच्या यादीत आपलं नाव का नाही, हे विचारायला गेलेलं एखादं पोरगं तुमच्या ओळखीत असेलच. तर ऐका, हे खाशाबांच्याही नशिबी आलं होतं.

१९५२ च्या संघनिवडीत त्यांना एका गुणाने मागे टाकण्यात आलं. आपल्यावर अन्याय झालाय अशी त्यांची खात्री होती. ते गप्प घरी बसले नाहीत. त्यांनी थेट पटियाळाच्या महाराजांकडे दाद मागितली. महाराज खेळांचे मोठे आश्रयदाते आणि ऑलिम्पिक चळवळीतलं वजनदार नाव. त्यांच्या शब्दामुळे पुन्हा कुस्ती लावली गेली. खाशाबांनी ती मारली आणि हेलसिंकीच्या संघात आपली जागा घेतली.

घर गहाण पडलं

जागा मिळाली, पण जायचं कसं? तेव्हा स्पॉन्सर नव्हते, सरकारी योजना नव्हत्या. संघात निवड झाली म्हणजे सगळा खर्च सरकार करेल असं काही नव्हतं. खाशाबांनी सरकारदरबारी खेटे घातले, पण हवी तेवढी मदत हाती आली नाही.

मग गाव उभं राहिलं. गोळेश्वर आणि कराड भागातल्या लोकांनी वर्गणी काढली. ज्याला जमेल तेवढं त्याने दिलं. खाशाबा घरच्यांसोबत दारोदार फिरले. तरी रक्कम पुरेना. तेव्हा राजाराम कॉलेजचे प्राचार्य खर्डेकर पुढे आले. त्यांनी आपलं राहतं घर गहाण टाकून ७००० रुपये उभे केले.

१९५२ चे ७००० रुपये, बरं का. एका विद्यार्थ्याला कुस्ती खेळायला परदेशी पाठवण्यासाठी एका प्राचार्याने डोक्यावरचं छप्पर पणाला लावलं. पोरगा हरून परत आला असता, तर बँकेला त्याच्याशी काही देणंघेणं नव्हतं.

तसं पाहिलं तर भारतीय ऑलिम्पिक संघाची सुरुवातच अशा खिशातल्या पैशांवर झाली होती. १९२० साली अँटवर्पला आपला पहिला संघ गेला, तो दोराबजी टाटा यांच्या पुढाकाराने आणि पैशांच्या आधाराने. पुण्याच्या डेक्कन जिमखान्यावर अनवाणी पळणारे गडी बघून त्यांच्या मनात ही कल्पना आली होती. त्या संघात बेळगावचे फडेप्पा चौगुले मॅरेथॉन धावले आणि कुस्तीत रणधीर शिंदे चौथ्या नंबरवर आले. म्हणजे खाशाबांच्या ३२ वर्षं आधीच एक मराठी पैलवान पदकाच्या दारातून परतला होता.

हेलसिंकी, जुलै १९५२

फिनलंडची राजधानी हेलसिंकी. भारताच्या पथकात साठहून जास्त खेळाडू होते. हॉकीचा संघ तर होताच, शिवाय नीलिमा घोष, मेरी डिसूझा, आरती साहा, डॉली नाझीर या चार मुली होत्या. खाशाबांच्या सोबत कोल्हापूरचे केशव माणगावेही कुस्तीला होते.

खाशाबांनी सुरुवात जोरात केली. कॅनडाचा पैलवान गेला, मेक्सिकोचा गेला, जर्मनीचाही गेला. त्या काळी कुस्तीचा हिशेब वजा गुणांवर चालायचा. हरलात किंवा नुसतं गुणांवर जिंकलात की तुमच्या नावावर वजा गुण चढायचे आणि ते ठरलेल्या मर्यादेच्या पुढे गेले की तुम्ही बाहेर. त्यामुळे एक कुस्ती हरली म्हणजे सगळं संपलं असं नव्हतं, पण प्रत्येक कुस्तीत दम राखून ठेवणं गरजेचं होतं.

मग समोर आला जपानचा शोहाची इशिई. दुसऱ्या महायुद्धानंतर जपानला १९४८ च्या ऑलिम्पिकमध्ये घेतलंच नव्हतं. हेलसिंकीला ते परतले होते आणि अख्ख्या स्पर्धेत त्यांना एकच सुवर्ण मिळालं, ते याच इशिईने दिलं. यावरून त्याचा दर्जा समजा. ही कुस्ती लांबली, दोघांनी एकमेकांना चांगलंच दमवलं आणि शेवटी गुणांवर इशिई जिंकला.

आणि आता येते ती गोष्ट, जी गाईडच्या ओळीत नसते. या कुस्तीनंतर खाशाबांना लगेच सोव्हिएत संघाच्या रशीद मामेदबेकोव्हशी लढायला बोलावण्यात आलं, असं त्यांच्या आयुष्याबद्दल लिहिणारे सगळे सांगतात. दोन कुस्त्यांच्या मध्ये किमान अर्ध्या तासाची विश्रांती द्यायची, असा नियम होता. तो दाखवून आपल्या पैलवानासाठी वेळ मागणं हे पथकाच्या अधिकाऱ्याचं काम. पण मॅटच्या कडेला भारताचा एकही अधिकारी हजर नव्हता. खाशाबांना तिथल्या पंचांशी वाद घालणं जमण्यासारखं नव्हतं. दमलेल्या अंगाने ते पुन्हा उभे राहिले आणि हरले.

मामेदबेकोव्ह रौप्य घेऊन गेला, इशिई सुवर्ण आणि खाशाबा कांस्य. अर्धा तास मिळाला असता तर पदकाचा रंग बदलला असता का? नक्की कोणीच सांगू शकत नाही. समोरचा गडीही साधा नव्हता. पण हक्काचा अर्धा तास मागायला आपलं माणूस तिथे असायला हवं होतं, यात शंका घ्यायला जागा नाही. गावाने पैसे दिले, प्राचार्यांनी घर दिलं, खाशाबांनी घाम दिला. पथकाला फक्त एक माणूस तिथे उभा करायचा होता.

तो दिवस होता २३ जुलै १९५२. दुसऱ्याच दिवशी आपल्या हॉकी संघाने नेदरलँड्सला ६-१ ने हरवून सुवर्ण जिंकलं. बलबीर सिंग यांनी एकट्याने पाच गोल मारले. देशभर जल्लोष झाला तो हॉकीचा. माणगावे यांचा चौथा नंबर तर आज फारसा कोणाला आठवतही नाही.

बैलगाड्यांची मिरवणूक

देशाने फार दखल घेतली नसेल, पण कराडने घेतली. खाशाबा परतले तेव्हा त्यांच्या स्वागताला शंभराहून जास्त बैलगाड्या सजल्या होत्या. गोळेश्वरच्या महादेव मंदिरापर्यंतचं एरवी पंधरा मिनिटांचं अंतर कापायला त्या मिरवणुकीला सात तास लागले. वर्गणी दिलेल्या प्रत्येकाला ते पदक हातात घेऊन बघायचं असणार, नाही का?

हार-तुरे वाळले. मग खाशाबांनी काय केलं असेल? ते पुन्हा आखाड्यात उतरले. कोल्हापुरात कुस्त्यांची मैदानं भरवली, स्वतः लढले आणि त्यातून जमलेल्या पैशांतून प्राचार्य खर्डेकरांचं घर सोडवलं. ऑलिम्पिक पदक जिंकून आलेला माणूस कर्ज फेडायला मातीत लढत होता. मला विचाराल तर त्यांच्या आयुष्यातली सगळ्यात मोठी कुस्ती हीच.

पीएसआय जाधव

आता पोलीस भरतीवाल्यांनी कान द्या. १९५५ साली खाशाबा पोलीस खात्यात सब-इन्स्पेक्टर म्हणून लागले. तुमच्यापैकी कितीतरी जण ज्या पदासाठी रात्री जागून अभ्यास करताय, तेच पद. खात्याच्या स्पर्धांत त्यांनी कुस्त्या मारल्या, जवानांना खेळाचं शिक्षण दिलं. २७ वर्षं नोकरी करून ते असिस्टंट पोलीस कमिशनर म्हणून निवृत्त झाले. पण पेन्शनसाठी त्यांना झगडावं लागलं. क्रीडा संघटनांनी त्यांना फारसं विचारलं नाही. १९८२ च्या दिल्ली एशियाडमध्ये मशाल घेऊन धावणाऱ्यांत मात्र त्यांचा समावेश झाला.

गोळेश्वरच्या आपल्या घराला त्यांनी ऑलिम्पिक निवास असं नाव दिलं होतं.

१४ ऑगस्ट १९८४ ला रस्ता अपघातात खाशाबा गेले. वय ५८. लॉस एंजेलिसचं ऑलिम्पिक संपून तेव्हा दोनच दिवस झाले होते. तिथे पी. टी. उषाचं पदक सेकंदाच्या शंभराव्या भागाने हुकलं आणि भारताचा संघ रिकाम्या हाताने परतला. म्हणजे खाशाबा गेले तेव्हाही स्वतंत्र भारताचे एकमेव वैयक्तिक पदकविजेते तेच होते. दुसरं वैयक्तिक पदक यायला १९९६ उजाडलं. लिअँडर पेसने टेनिसमध्ये ते आणलं, ४४ वर्षांनी. कुस्तीतलं पुढचं पदक सुशील कुमारने २००८ साली आणलं, ५६ वर्षांनी.

मोठे सन्मान आले ते नंतर. राज्याचा शिवछत्रपती पुरस्कार मरणोत्तर, अर्जुन पुरस्कारही मरणोत्तर. २०१० च्या दिल्ली राष्ट्रकुल स्पर्धेत कुस्तीच्या सभागृहाला त्यांचं नाव दिलं गेलं. २०२३ च्या १५ जानेवारीला गुगलने त्यांचं डूडल केलं, तेव्हा अनेकांनी पहिल्यांदा त्यांचा चेहरा पाहिला. आता राज्य सरकारने त्यांचा जन्मदिवस राज्य क्रीडा दिन म्हणून ठरवलाय. नागराज मंजुळे यांनी त्यांच्यावर सिनेमाही जाहीर केलाय. पद्म पुरस्कारासाठी मात्र कुटुंबीय वर्षानुवर्षं मागणी करत आलेत.

मग आपलं काय?

तुम्ही म्हणाल, कराड-कोल्हापूरची गोष्ट आहे, देवळ्याला काय त्याचं? भावडबारी उतरली की चांदवड तालुका लागतो. तिथल्या तळेगाव रोहीचा दत्तू भोकनळ. पाण्याचं दुर्भिक्ष असलेल्या गावचा, विहिरी खोदणाऱ्या बापाचा पोरगा. सैन्यात गेला, तिथे पहिल्यांदा वल्हं हातात घेतलं, २०१६ ला रिओ ऑलिम्पिकमध्ये नौकानयनात उतरला आणि २०१८ च्या एशियाडमध्ये सांघिक सुवर्ण घेऊन आला. आपल्याच जिल्ह्यातल्या सावरपाड्याची कविता राऊतही रिओला मॅरेथॉन धावली. २०२४ ला पॅरिसमध्ये नेमबाजीत कांस्य जिंकणारा कोल्हापूरचा स्वप्निल कुसाळे नेमबाजीचे धडे गिरवायला नाशिकलाच होता. खाशाबांनंतर ऑलिम्पिकचं वैयक्तिक पदक महाराष्ट्रात यायला ७२ वर्षं लागली, आणि त्या वाटेवर आपला जिल्हा आहे.

गुणवत्ता आपल्याकडे आहे. आजचे खेळाडू कोच, फिजिओ, आहारतज्ज्ञ घेऊन जातात. पण तालुक्याच्या पातळीवर अजून बरंच बाकी आहे. वयाच्या दाखल्यापायी नाव बाद होतं. नियम माहीत नसल्याने हरकत घ्यायची राहून जाते. एसटीने रात्रभर प्रवास करून पोरगी सकाळी थेट ट्रॅकवर उतरते. तिच्यासोबत कोण असतं? बऱ्याचदा कोणीच नाही.

म्हणून सुरुवातीला म्हटलं की जे पळत नाहीत त्यांनी हे आधी वाचावं. संघ फक्त खेळणाऱ्यांचा नसतो. तुम्हाला कुस्ती येत नसेल, पण पंचाची परीक्षा देता येईल. नियमांचं पुस्तक वाचून गावातल्या पोरांना समजावून सांगता येईल. फिजिओथेरपीला, बीपीएडला, स्पोर्ट्स मॅनेजमेंटला जाता येईल. काहीच नाही तर गावातली एखादी पोरगी राज्य स्पर्धेला निघाली तर तिची कागदपत्रं बघता येतील, वर्गणीची यादी फिरवता येईल, सोबत जाऊन मैदानाच्या कडेला उभं राहता येईल.

१५ जानेवारीला खाशाबांच्या फोटोचं स्टेटस तर ठेवाच. पण त्याच दिवशी आपल्या गावातून या वर्षी कोण कुठल्या स्पर्धेला निघालंय, त्यांच्यासोबत कोण जाणार आहे, एवढं विचारून बघा. कोणी जाणार नसेल, तर तुमचं नाव द्या.